चित्राच्या पाठीमागची पाल

एका जंगलात, मुलांनो, सिंहमहाराजांचं चित्रांचं संग्रहालय होतं. सिंहाला चित्रं कशाला लागतात, असं विचारू नका. मोठ्यांना असं काही विचारलं की ते आधी तुमचं वय विचारतात.

तिथे शलाका नावाची एक शिकलेली पाल नोकरीला होती. चित्र मुळात कुणाचं, कुणाच्या घरून कुणाच्या घरी गेलं, हे शोधणं तिचं काम. त्यासाठी ती चित्राच्या मागे शिरायची. पुढून चित्र काहीही सांगतं. मागे मात्र चिठ्ठ्या असतात, शिक्के असतात, जुन्या खिळ्यांची भोकं असतात.

सगळ्यांत मानाचं चित्र होतं 'नदीवरची पहाट'. खाली पाटी होती : 'थोरल्या महाराजांनी स्वहस्ते रंगविले.' अंगभर काट्यांची एक म्हातारी साळू रोज त्याच्यासमोर येऊन बसायची.

"माझ्या आईनं काढलंय हे, माझ्या बारशाला," ती म्हणायची. "डोळे मिटायच्या आत एकदा घरी न्यायचंय."

सगळे हसायचे. शलाका मागे शिरली.

मागे लिहिलं होतं, 'तुझ्या बारशाला. आई.' सहीच्या जागी साळूचा काटा खोवलेला. त्याच्याखाली राजमुद्रा : 'बीळ रिकामे करून जप्त.'

ती अध्यक्षांकडे धावली. अध्यक्ष होते गवेकाका.

"काका, ते चित्र साळूआजींचं आहे. मागे लिहिलंय."

"पोरी, चित्र पुढून बघायचं असतं."

"पण मागे राजमुद्रा आहे!"

"आमच्या वेळी चित्रांना मागची बाजू नव्हती."

"मग भिंतीला काय टेकायचं, काका?"

"उलट बोलू नकोस. लग्नाचं बघ आता."

ज्येष्ठांची सभा भरली. ठराव झाला : सगळी चित्रं चुन्यानं भिंतीला कायमची चिकटवावीत. पाठच उरली नाही, तर वाचणार काय? टाळ्या पडल्या.

शलाकानं अगदी नम्रपणे विचारलं, "म्हणजे राजमुद्रेला चुना फासायचा?"

सभा गार पडली. त्या जंगलात राजमुद्रेला डाग लावणाऱ्याचं शेपूट छाटत. पालीचं पुन्हा येतं. गव्याचं येत नाही.

"मग... मग पुढची बाजू चिकटवू," गवेकाका म्हणाले.

"चालेल की. जप्तीचा मजकूर सगळ्यांना आरामात वाचता येईल."

गवेकाकांनी हळूच आपल्या शेपटाकडे पाहिलं. "ते चित्र आधी इथून हलवा," ते म्हणाले.

आठवड्यानं समारंभ झाला. महाराजांनी साळूआजींना चित्र 'भेट' दिलं. हार झाले, तुरे झाले. महाराजांचं काळीज केवढं, यावर गवेकाका तासभर बोलले. मग आजींना 'आभारी आहे' म्हणायला लावलं. आजी तसं म्हणाल्या, त्यांनी चित्र काखोटीला मारलं आणि त्या चालू लागल्या.

शलाकाला बढती मिळाली. आता ती चित्रांच्या फक्त पुढच्या बाजूची धूळ पुसते.

तात्पर्य : चोरलेली वस्तू कधीही परत करू नये. परत करणारा चोर ठरतो. ती भेट द्यावी. मग ज्याच्याकडे चोरी झाली, तोच आभार मानतो.