हणमंत फौजीचा हातोडा

स्पर्धेआधी महिनाभर हणमंत फौजी कुणाशी हात मिळवत नसे. एकदा त्याच्या गावी, कुंडलला आमदार आले, त्यांनी हात पुढे केला. फौजीने दोन्ही हात पाठीमागे बांधून नुसती मान लववली.

"ग्रिप जाती," तो नंतर म्हणाला. "सायन्स हाय त्याला."

त्याच्या लेखी सायन्स सगळ्यालाच होते: दुधाला, केळ्यांना, दुपारच्या झोपेलासुद्धा. झोपेचे सायन्स तो नियमाने दोन तास पाळी.

नव्वदच्या दशकात मी सांगलीच्या एका दैनिकात होतो. कुस्तीच्या मुलखात हा माणूस हातोडाफेक करतो, एवढ्यावर बातमी होत असे. हातोडा म्हणजे तारेला बांधलेला सव्वासात किलोचा लोखंडी गोळा. लष्करात शिकलेली ही विद्या तो निवृत्तीनंतर मोकळ्या रानात घुमवत होता.

तालमीतले वस्ताद बांधावरून म्हणत, "फौजी, एवढा जोर हाय तर शाळवावरची पाखरं तरी हाकला."

"वस्ताद, कुस्तीत दुसऱ्याला पाडायचं असतं. ह्यात आपुन पडायचं न्हाई. सायन्स हाय."

जमिनीत रुतलेला गोळा खुरप्याने उकरून परत आणायचे काम त्याची बायको शालन करी. फौजीने जायचे नाही, असा तिचा दंडक होता. "चालत गेला तर अंग गार पडंल," ती म्हणे. सायन्स घरात पसरले होते.

फौजी तेव्हा पस्तिशीचा होता. राज्याच्या संघाची निवड साताऱ्याला व्हायची होती. यंदा नाही तर कधीच नाही, हे तोच सांगे. निवडीच्या पंधरा दिवस आधी मी कुंडलला गेलो. एरवी बांधापलीकडे पडणारा गोळा बराच अलीकडे पडत होता. 'फौजीचा जोर ओसरला' असे मी छापले. त्याने तक्रार केली नाही. मला ते पुराव्यासारखे वाटले.

साताऱ्याला त्याने पहिल्याच फेकीत अशी मजल मारली, की कुंडलचा बांध केव्हाच मागे राहिला असता. पुढच्या फेकी तशाच गेल्या. तरीही दुसऱ्या एकाने त्याला चार बोटांनी मागे टाकले आणि संघातली एकुलती जागा गेली.

मी विचारले, "कुंडलला काय झालं होतं?"

तो हाताच्या पट्ट्या सोडत होता. "शालनचा गुडघा सुजलाय. नको म्हटलं तरी ऐकत न्हाई. लांब टाकला की तेवढं तिलाच चालायला लागतंय."

"आणि इथं?"

"हितं आणायला मानसं हायती."

मी वही उघडली. त्याने ती हलकेच मिटली.

"हे नगा छापू, सायेब. तिला कळलं तर जल्मभर मनाला लावून घेईल. लिवा, सराव कमी पडला."

मी तेच लिहिले. बातमी दोन ओळींची होती आणि तिच्यात खोटे काहीच नव्हते.