काही न करण्याचं शूटिंग

लहानपणी आमच्या पूर्णगडात तंबूतला सिनेमा यायचा. पडद्यापेक्षा मला मागच्या मशीनचा टर्रर्र आवाज आवडायचा. अजून कानात आहे. त्यामुळे मुंबईहून आलेली नात ईशा म्हणाली, "आजोबा, माझ्या सिनेमात काम कराल?" तेव्हा मी लगेच हो म्हटलं. (लगेच म्हणजे चहा संपल्यावर. मी सावकाश बोलतो.)

"काय करायचं?"

"काही नाही. दुपारी निवांत बसता तसं पडवीत बसायचं. हलायचं नाही, बोलायचं नाही. तोच सिनेमा."

"मग गोष्ट?"

"गोष्ट नाहीच."

मला काही कळलं नाही. पण कॉलेजात हा सिनेमा आजच पाठवायचा होता, नाहीतर तिचं वर्ष जाणार होतं. आधीचे प्रयत्न मी खोकून वाया घालवले होते. तिनं मला पांढरा सदरा घालायला लावला, माझा फोन बंद करून आत ठेवला आणि कॅमेरा घेऊन अंगणाच्या पार टोकाला, फणसाखाली उभी राहिली.

शेजारचा रावजी आला. "काय तात्या, बसलाव?"

मी गप्प.

"वैनींचा काय निरोप?"

आमची ही छातीत जळजळतं म्हणून सकाळच्या एसटीनं रत्नागिरीला डॉक्टरकडे गेली होती. मी गप्पच. रावजीनं सदऱ्याकडे पाहिलं, चपला काढल्या, टोपी काढली आणि शेजारी बसला.

मग समोरच्या घरातली हौसा आली. रावजीनं नुसती मान हलवली, तशी ती खांबाला टेकून डोळ्यांना पदर लावून बसली. "यमुनाबाय म्हणजे सोनं होतं हो."

"सकाळी मीच गाडीत बसवलंय," रावजी म्हणाला. "खिडकी मिळाली होती."

आता मीच घाबरलो. माझा फोन बंद. यांना काही कळलं असेल काय? डोळ्यांतून पाणी वाहू लागलं. ईशा लांबून खुणावत होती, छान, असंच. मी तसाच बसलो.

तेवढ्यात ही बांगड्यांची पिशवी घेऊन अंगणात आली. "कोण गेलं हो?"

रावजीनं टोपी घातली. "वैनी, तुम्हीच."

ईशा धावत आली. सिनेमा पुरा झाला होता. सगळा उलगडा झाल्यावर हिनं पिशवी खाली ठेवली.

"मी गेले असं वाटलं तुम्हाला?"

"वाटलं."

"म्हणून रडलाव?"

"हो."

हिनं पदरानं माझे डोळे पुसले. "मग उठून फोन का नाही लावलाव?"

मी सावकाश विचार केला आणि खरं तेच सांगितलं. "ईशानं हलू नका म्हटलं होतं."

हिनं पिशवी उचलली आणि आत निघून गेली.