कासवखडकावर काय आहे

किनाऱ्यावरच्या प्रत्येक खडकाची सरकारदरबारी नोंद व्हावी, असा आदेश गेल्या वर्षी आमच्या जिल्हा कार्यालयात आला आणि तो राबवण्याची जबाबदारी सागरी विभागाचा ताक नावाचा कनिष्ठ कारकून, म्हणजे मी, याच्यावर पडली. फॉर्म सुटसुटीत होता. प्रश्न चौथा: खडकावर काय आहे? पर्याय तीन: वनस्पती, प्राणी, खनिज. खूण एकाच चौकटीत करावी, चौकटी रिकाम्या सोडू नयेत. अहवाल सप्टेंबरात जायचा असल्यामुळे पाहणी ऑगस्टमध्येच उरकायची होती. त्यात माझ्याकडून चूक झाली, असं आजही कागदोपत्री कुणाला म्हणता येणार नाही.

आमच्या पूर्व किनाऱ्यावर मियोक नावाचं तपकिरी शेवाळ खडकांवर वाढतं. कुठला खडक कुणाचा, हे गावोगावी पिढ्यान्‌पिढ्या ठरलेलं आहे. कासवखडक मालसुन आजीचा. आजीचं वय एक्क्याऐंशी, खडक तिला सासूकडून आलेला. बाळंतिणीला मियोकचं सूप द्यायचं, आणि तेही कासवखडकाच्याच मियोकचं, अशी सगळ्या तालुक्याची समजूत. ते विकत घेताना भाव करायचा नाही, त्याची घडी घालायची नाही आणि ते मोडायचं तर मुळीच नाही, नाहीतर बाळंतपण अडतं म्हणतात. हे सगळं मला ठाऊक होतं, कारण मी इथलाच. फक्त फॉर्ममध्ये ते विचारलेलं नव्हतं.

ऑगस्टातल्या एका सकाळी मी फॉर्म घेऊन खडकावर उभा राहिलो.

"आजी, खडकावर काय आहे?"

"मियोक."

"कुठे?"

"तुझ्या बुटाखाली. जरा बाजूला हो."

मी बाजूला झालो. बुटाखाली ओला, काळा दगड होता. वाकून पाहिलं, बोट फिरवून पाहिलं, दगडच.

"असं नाही दिसायचं ते," आजी म्हणाली. "एप्रिलात पानं कापली. जी राहिली त्यांनी बी सोडलं आणि ती गळून गेली. त्या बियांचे आता बारीक तंतू झालेत, नर वेगळे, माद्या वेगळ्या. उन्हाळाभर असेच दडून बसतात. पाणी गार झालं की त्यांचं जमतं आणि मग पानं येतात. विद्यापीठातल्या बाईंनी मला यंत्रातून दाखवलंय सगळं."

"नर आणि मादी आहेत म्हणजे प्राणी."

"मासा वाटला का तुला?"

"मग वनस्पती."

"मीही तेच समजत होते. बाई म्हणाल्या, नाही. दिसायला झाडासारखं, पण झाडांशी त्याचं नातं नाही, खानदानच वेगळं. त्याला मूळसुद्धा नसतं, नुसता पंजा रोवून बसतं खडकावर. तू आपलं 'मियोक' लिही की."

मियोक अशी चौकट नव्हती. मी आमच्या विभागप्रमुखांना, ब्योन साहेबांना, फोन लावला.

"वनस्पती नाही?" साहेबांनी विचारलं.

"विद्यापीठाचं मत तसं आहे."

"प्राणी?"

"नाही, साहेब."

"दिसतंय काय?"

"दगड."

"मग अडलात कुठे, ताक? विद्यापीठ आणि तुमचे डोळे, दोघांचं एकमत आहे."

मी 'खनिज' या चौकटीत खूण केली, दगडाचा स्वच्छ फोटो जोडला आणि 'वरील माहिती खरी आहे' याखाली सही केली.

सप्टेंबरअखेर खनिज विभागाचं पत्र आलं. एक वयोवृद्ध महिला परवान्याशिवाय खनिज बाळगून आहे, शिवाय दर ऑक्टोबरात लांब दांड्याच्या खुरप्याने त्याचं उत्खनन करते, सबब खुरपं जमा करावं. आजी ऑक्टोबरात खडक खरवडते हे खरं आहे. इतर शेवाळ काढून मियोकला जागा करून द्यावी लागते.

दोन बस बदलून आजी कार्यालयात आली. बरोबर वाळलेलं मियोक होतं, हातभर रुंद, माणसाच्या उंचीचं. तिने ते साहेबांच्या टेबलावर आडवं ठेवलं तेव्हा ते दोन्हीकडून खाली लोंबलं.

"हे एप्रिलातलं आहे, आजी," साहेब अदबीने म्हणाले. "नोंद ऑगस्टातली आहे."

"मग एप्रिलात या बघायला."

"एप्रिलात पाहणी नसते. तुम्ही दुरुस्तीचा अर्ज करा. ऑगस्टातला फोटो लागेल."

आजीने पिशवीतून विद्यापीठातल्या बाईंनी यंत्रातून काढलेला फोटो काढला. त्यात तपकिरी तंतू स्पष्ट दिसत होते. साहेबांनी तो बराच वेळ पाहिला, उलटा करूनही पाहिला.

"आकाराचा अंदाज यावा म्हणून अर्जदार वस्तूशेजारी उभा असलेला फोटो लागतो. यात तुम्ही कुठे आहात?"

"त्यांच्याशेजारी मी पासष्ट वर्षं उभी आहे, साहेब. नात एप्रिलात बाळंत होणार आहे माझी. तिला काय खनिज उकळून पाजू?"

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी फॉर्मकडे पाहिलं. मला फार वाईट वाटलं, आणि मी आजीला बसस्टॉपपर्यंत सोडून आलो.

पुढचं सगळं ओघानेच झालं. बंदराचा बंधारा वाढवायचा होता, त्याच्या भरावाला दगड हवा होता, आणि जिच्यावर काहीही जगत नाही अशी विनापरवाना खनिजाची एक जागा नोंदवहीत तयार होती. नियमाप्रमाणे जनतेच्या हरकती मागवल्या. सूचना मीच चिकटवली, कार्यालयाच्या फलकावर, पाण्याच्या यंत्राशेजारी. तीस दिवस ती तिथे होती. दिवसातून सहा वेळा मी तिथे पाणी प्यायलो. एकही हरकत आली नाही. आजीला सूचना कळली नाही, कारण दोन बस बदलून फलक वाचायला कोण येतं? नोव्हेंबरात कासवखडक फोडला. आदल्याच महिन्यात तिने तो उसन्या खुरप्याने खरवडून लख्ख केला होता.

मार्चअखेर माझ्या सासूबाई आमच्याकडे राहायला आल्या. माझी बायको सोनयोंग हिचे दिवस भरत आले होते.

"जावईबापू, मियोक आणलंत का? माझ्या वेळी कासवखडकाचंच होतं, माझ्या आईच्या वेळीही. दुसरं घरात आणू नका."

मी मालसुन आजीकडे गेलो. भिंतीवर शेवटचं एकच मियोक सरळ टांगलेलं होतं. अर्धं मागण्याची सोय नव्हती, ते मोडत नाहीत.

"आजी, बायको बाळंत व्हायची आहे," मी म्हणालो. "भाव करणार नाही."

"खात्री आहे? दिसतंय का मूल?"

"असं कसं दिसेल? पोटात आहे. पण दवाखान्यात यंत्रातून पाहिलंय ना आम्ही. फोटोही आहे."

"माझ्याकडेही फोटो होता," आजी म्हणाली. तिने भिंतीवरचं मियोक हाताने जरा सारखं केलं. "हे नातीचं. तू ऑगस्टात ये, बाळा. जे दिसेल ते घेऊन जा."

येताना मी दुकानातून कापलेल्या मियोकचं पाकीट घेतलं, रिकामं पाकीट वाटेतच टाकून दिलं आणि आतलं मियोक सासूबाईंना कासवखडकाचंच म्हणून दिलं. मुलगी झाली. सासूबाईंनी सुपाचा एक घोट घेतला, माझ्याकडे पाहिलं आणि वाटी लेकीपुढे सरकवली.

माझा राग आला असेल तर तो रास्तच आहे. पण तो राग हरकतीच्या अर्जावर आणि तीस दिवसांच्या आत यायला हवा होता. तुमच्या गावच्या कार्यालयातही पाण्यापाशी एक फलक आहे, आणि त्याच्यावर आज एक कागद लावलेला आहे. तो लावणाऱ्या कारकुनानेही तो वाचलेला नाही. तुम्ही परवा दाखला घ्यायला गेलात तेव्हा त्याच फलकाला टेकून पाऊण तास उभे होतात.