तीन हाका

आमचे घरमालक आबा म्हात्रे कुठलाही ग्रह सोडायच्या आधी तीन हाका मारायचे. मनातल्या मनात नव्हे. चांगलं उभं राहून, एक हात तोंडाशी धरून, "हाय का कोन यायचाऽऽ?" अशा. समोर कॉम्प्युटरच्या पडद्यावर एखादा जांभळा ओसाड गोळा असायचा, ज्याच्यावर माणूस सोडा, गवताची काडी नव्हती. पण हाका तीन म्हणजे तीन. पहिल्या हाकेला खालचं कुत्रं भुंकायचं. दुसरीला समोरच्या किराणा दुकानातली गिऱ्हाइकं वर बघायची. तिसरी झाली की आबा जरा थांबायचे, कोणी धावत येत नाही ना याची खात्री करायचे, आणि मगच यान हलवायचे.

ही नव्वदीच्या मधल्या वर्षांतली गोष्ट. मी मूळचा सांगलीकडचा, वाशीत एका कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात कामाला. नवीन लग्न झालेलं. वाशीतली भाडी ऐकून घाम फुटला, तेव्हा तळवली गावात आबांच्या घराची वरची खोली मिळाली. घर तीन मजली, गुलाबी रंगाचं. आबांच्या शेताचं नवं शहर झालं आणि त्याच्या बदल्यात आबांचं हे घर झालं. तळमजल्यावर आबा एकटे. बायको जाऊन बरीच वर्षं झालेली. मुलगा वाशीला फ्लॅटमध्ये. तो रविवारी यायचा, पण घरात पाऊल टाकायचा नाही. गाडी चालूच ठेवून बाहेरून हॉर्न वाजवायचा. आबा बाहेर जायचे, काचेतून दोन शब्द बोलायचे, आणि गाडी निघून जायची.

आबांचा वेश ठरलेला. पट्ट्यापट्ट्यांची हाफ पँट, पांढरी बंडी, डोक्याला रुमाल. मला त्यांनी कधी नावाने हाक मारली नाही, "सांगली" म्हणायचे. "काय सांगली, पगार झाला काय?" माझी बायको नंदा मात्र पहिल्या दिवसापासून "पोरी". घरमालक म्हणून ते इतके कच्चे होते की भाडं द्यायला गेलं तर आधी मासळी जेवायला बसवायचे, आणि नंतर भाड्याचं दोघांच्याही लक्षात राहायचं नाही.

दुकानाच्या मालकाने मला एक कॉम्प्युटर घरी ठेवायला दिला होता, शिकायला म्हणून. मी काय शिकलो, तर एक खेळ. अंतराळात यान घेऊन फिरायचं, ग्रह शोधायचे, खाली उतरून दगड गोळा करायचे. अंतरं अफाट. एका ताऱ्यापासून दुसऱ्याकडे साध्या वेगाने जायचं तर पडद्यावर तासन्‌तास नुसता काळोख आणि चार ठिपके. म्हणून त्या खेळात गेटं होती. एक गेट इथे उभं करायचं, एक तिथे. बटण दाबलं की यान या गेटात गुडूप आणि त्या गेटातून बाहेर. डोळ्याची पापणी लवेपर्यंत. मी पडलो घाईचा माणूस, मला ती गेटं म्हणजे देवाने दिलेली वाटायची.

आबा एकदा पाण्याची टाकी बघायला वर आले आणि टाकी विसरून पडद्यासमोर बसले. मी ऐटीत गेटातून उडी मारून दाखवली. ते म्हणाले, "मधलं पानी कुठं गेलं?"

मी सांगितलं, मधलं काही बघायची गरजच नाही.

"हां. म्हनजे पूल," आबा म्हणाले, आणि त्यांचा चेहरा जरा पडला.

कारण आबा शेती करायचेच, पण त्याआधी आणि त्याहून जास्त मनाने ते होडीवाले होते. खाडीवर पूल नव्हता तेव्हा माणसं, भाजीच्या पाट्या, नवऱ्या मुली, शेळ्या, सगळं आबांच्या होडीतून पलीकडे जायचं. पूल झाला आणि होडी चिखलात बसली. पुलाला ते कधी नावं ठेवत नसत. उलट, पूल चांगलाच आहे, आजारी माणूस लवकर पोचतो, असं आपणहून सांगायचे. फक्त शेवटी एक वाक्य जोडायचे: "पन पूल हाक मारीत नाय."

त्या दिवसापासून आबा रोज यायला लागले. इंग्रजीचं अक्षर येत नव्हतं, तर नंदाने बटणांवर टिकल्या चिकटवून दिल्या. लाल टिकली म्हणजे पुढे, हिरवी म्हणजे वळ. गेटाच्या बटणावर काळी. काळ्या टिकलीला आबांनी कधी बोट लावलं नाही. दोन तास तो काळोख बघत बसायचे, गुडघ्यावर हात ठेवून, मधूनच "जरा डावीकडं वारा हाय" म्हणायचे. अंतराळात वारा नसतो हे मी एकदा समजावायला गेलो. "तुला लागत नसल," म्हणाले. नंदा शेजारी बसून भाजी निवडायची आणि दोघांच्या गप्पा चालायच्या. मी दुकानातून दमून आलो तरी माझ्याच घरात मला खुर्ची मिळायची नाही.

नारळी पौर्णिमेला तर कहर झाला. आबा नारळ, कुंकू, फुलं घेऊन हजर. होडीची पूजा करायची म्हणाले. मॉनिटरला कुंकू लागलं, सीपीयूला हार पडला, इथवर मी गप्प होतो. पण आबांनी नारळ उचलून कॅबिनेटच्या कोपऱ्यावर नेम धरला तेव्हा नंदाने धावत जाऊन हात धरला. शेवटी नारळ उंबऱ्यावर फुटला आणि पाणी कीबोर्डवर थोडं शिंपडलं गेलंच. दोन टिकल्या निघाल्या. ते कुंकू दुकानाच्या मालकाच्या नजरेला पडू नये म्हणून मी पुढे महिनाभर पुसत होतो.

आणि मग ती चूक मी केली. चूक कसली, घाई. यानात एक माणूस असायचा, चार ठिपक्यांचा, निळ्या कपड्यातला. दगड आणायला त्याला खाली उतरवायचं. एका लांबच्या ग्रहावर मी त्याला उतरवला, तेवढ्यात नंदाने जेवायला हाक मारली, आणि मी पटकन काळी टिकली दाबली. यान घरी. माणूस तिकडे. वर आणखी गंमत म्हणजे तिकडचं गेट खेळानेच दिलेलं, कच्चं होतं, एकदा जाऊन आलं की विरून जाणारं.

मला त्याचं काहीच वाटलं नाही. खेळ दुसरा माणूस देत होता. पण आबांनी विचारलं, "त्यो निळा कुठं हाय?" मी हसत हसत सांगितलं. आबा हसले नाहीत. त्याचं नाव काय म्हणाले. नाव नसतं म्हटल्यावर त्यांनीच ठेवून टाकलं, "नाम्या. त्याचा नाव नाम्या. आनायला जायाला पायजे."

तिथे पोचल्याशिवाय नवं गेट उभं करता येत नव्हतं, म्हणून मी गणित मांडून दाखवलं. साध्या वेगाने जायचं तर रोज दोन-तीन तास बसलं तरी अडीच-तीन महिने. आणि नेमक्या तितक्याच दिवसांत आम्ही घर सोडणार होतो. नेरूळला सोडतीत एक लहानसा फ्लॅट लागला होता. दुकानाच्या मालकाचं म्हणणं, घर बदलतोयस तर मशीन दुकानात परत आण, पुसून दुसऱ्याला द्यायचंय. म्हणजे टेम्पो येईल त्या रविवारपर्यंत नाम्या आला तर आला, नाहीतर ग्रहासकट पुसला जाणार.

"घाई कोनाला हाय?" हे आबांचं नेहमीचं पालुपद. त्या तीन महिन्यांत ते एकदाही ऐकू आलं नाही. सकाळी मी दुकानात निघालो की आबा वर. वीज गेली की दोन दिवसांची वाट वाया जायची, म्हणून नंदा दर तासाला खेळ जपून ठेवायला शिकली. मला वाटलं म्हातारा चळला. एकदा वैतागून मी बोललोही, की आबा, चार ठिपक्यांसाठी एवढं टेन्शन कशाला घेता.

आबांनी पडद्यावरची नजर काढली नाही. तसंच पुढे बघत सांगितलं. होडी नवी होती, वय लहान होतं. ओहोटी लागत आली होती, पाणी उतरायच्या आत परतायचं म्हणून त्यांनी हाक न मारताच होडी लोटली. अर्ध्या खाडीत आल्यावर मागे बघितलं, तर पलीकडच्या धक्क्यावर बाजाराची रिकामी पाटी घेऊन एक बाई उभी. त्यांची आई. मागे फिरायला पाणी नव्हतं. पुढच्या भरतीला आणायला गेले तेव्हा ती तिथेच, त्याच दगडावर बसलेली.

"वरडली नाय रं," आबा म्हणाले. "वरडली असती तर बरं व्हतं. होडीत बसली ती परक्यावानी. पार त्या टोकाला, पाठ करून."

दुसऱ्या दिवसापासून दुकानातून लवकर यायला लागलो आणि आबा जेवायला गेले की लाल टिकली मी धरून बसायला लागलो.

टेम्पोचा रविवार उजाडला. सामान बांधलेलं, गाद्यांच्या गुंडाळ्या दारात, आणि रिकाम्या खोलीत जमिनीवर फक्त तो कॉम्प्युटर चालू. त्याच्यासमोर मांडी घालून आबा. टेम्पोवाला खालून ओरडत होता, त्याला नंदाने चहा पाजून थोपवला. एकदाचा ग्रह आला. यान उतरलं. आणि नाम्या होता तिथेच उभा होता, हातात दगड. खेळाने त्याला तसाच ठेवला होता.

आबा उठले. समोर एकच माणूस होता, दिसत होता, तरी त्यांनी तीनही हाका मारल्या. शेवटच्या हाकेला नाम्या यानात चढला. मी सांगतो, माझ्या अंगावर काटा आला. नंदा तर पदराने डोळे पुसत होती, आणि टेम्पोवाला दारातून विचारत होता की कोण आजारी आहे का.

परतीची वाट तितकीच लांब होती आणि आमच्याकडे वेळ नव्हता. आबांनी माझ्याकडे बघितलं.

"हितं पूल बांधता येल?"

मी गेट उभं केलं. आबांनी यान एकदा नीट न्याहाळलं, नाम्या आत आहे ना बघितलं, म्हणाले, "आता कोन ऱ्हायला नाय," आणि आयुष्यात पहिल्यांदा काळी टिकली दाबली. पापणी लवायच्या आत सगळे घरी. आबांना ते आवडलं असावं.

मग बाकीची धावपळ. कॉम्प्युटर खोक्यात गेला, गाद्या टेम्पोत गेल्या, नंदा पुढे ड्रायव्हरशेजारी बसली. मी किल्ली द्यायला वर आलो तर आबा रिकाम्या खोलीच्या दारात उभे. हात तोंडाशी. "हाय का कोन यायचाऽऽ?" भिंतींवर आवाज घुमला. दुसरी हाक. तिसरी निम्म्यातच बसली. मी जिन्यात उभा होतो. इतके महिने हा माणूस आपल्या घरात का येऊन बसत होता, ते मला अगदी त्या क्षणी कळलं, आणि माझी मलाच लाज वाटली.

"आबा, एक जण राहिलाय," मी म्हणालो.

"कोन?"

"तुम्ही. चला."

ते नाही म्हणाले नाहीत. तसेच खाली उतरले, चपला घातल्या, आणि टेम्पोत मागे गाद्यांवर बसून नेरूळपर्यंत आले. नव्या घराचे नळ उघडून बघितले, पाण्याला जोर कमी आहे म्हणाले, नंदाच्या हातचा चहा घेतला. ऊन उतरल्यावर निघतो म्हणाले, तर मीही बरोबर निघालो. दोन बस बदलून आम्ही तळवलीला पोचलो. दारात आबांनी चपला काढल्या, दिवा लावला, आणि मला परत वळलेला बघून हाक मारली.

"सांगली, तू आता एकलाच जानार?"

मी म्हटलं, हो, बस आहे की, पटकन पोचेन.

"थांब," आबा म्हणाले, आणि नुकत्याच काढलेल्या चपला परत पायात सरकवल्या.