साच्याचे निर्दोष टोक

एकाचा निर्दोषपणा दुसऱ्याच्या कामी येत नाही, हे कोणत्याही सुव्यवस्थित समाजाचे पायाभूत तत्त्व आहे. शेजाऱ्याकडून शिडी उसनी आणता येते, फार तर मोटारसायकलही; सुटका आणता येत नाही. चाकणच्या औद्योगिक पट्ट्यातील एका खटल्याने हे तत्त्व ज्या निष्ठेने जपले, तिची नोंद घेणे आवश्यक आहे.

आरोप साधा होता. कारखान्यातील एकशे ऐंशी किलोचा पोलादी साचा स्टोअर सुपरवायझर धनेश (आरोपी क्रमांक एक) आणि कंत्राटी कामगार बुद्धरत्न (आरोपी क्रमांक दोन) यांनी संगनमताने, दोन टोकांना धरून, जेवणाच्या सुट्टीत पळवला. प्रत्यक्षदर्शी एकच : पहारेकरी चिमाजी.

खटला एकत्रच चालायचा होता. परंतु समन्स बुद्धरत्नच्या कासारवाडीतील जुन्या खोलीवर गेले, आणि सुनावणीच्या दिवशी तो ठेकेदाराने पाठवले त्या दुसऱ्या कंपनीत ओव्हरटाइम करीत होता. अशा रीतीने तो एकाच दिवशी हजेरीपटावर हजर आणि न्यायालयाच्या दप्तरी फरार ठरला. (कंत्राटी कामगाराला फरार होण्यासाठी याहून अधिक सवड मिळत नाही.) त्याचा खटला वेगळा काढण्यात आला.

धनेशच्या खटल्यात चिमाजीने शपथेवर सांगितले, "साहेब, दोन मान्सं दिसली. पर कोन व्हती ते न्हाई सांगता यायचं. चष्मा घरी राह्यला व्हता."

धनेश निर्दोष सुटला. चौकात 'सत्याचा विजय' असा फलक लागला. (त्यावर सत्याचा फोटो नव्हता, अठ्ठावीस शुभेच्छुकांचे होते.)

येथे कायद्याने पदार्थविज्ञानावर मात केली. साच्याचे एक टोक निर्दोष ठरले. ते कोणी उचललेच नव्हते. दुसरे टोक बुद्धरत्नच्या हातात प्रलंबित राहिले. संगनमताला किमान दोन माणसे लागतात, हा गैरसमजही दूर झाला. कष्टाळू कामगार तेही एकट्याने पार पाडतो. आणि पहिल्या खटल्यात चष्मा घरी होता, म्हणून दुसऱ्या खटल्यातही तो घरीच असेल, असे गृहीत धरता येत नाही.

वेगळ्या खटल्याला चार वर्षे होत आली, तेव्हा बुद्धरत्नच्या पत्नीला, अंजलीला, घाई झाली. अकरा वर्षांच्या कंत्राटी कामानंतर त्या दुसऱ्या कंपनीने त्याला स्टोअरमधील कायम जागेसाठी निवडले होते. महिनाअखेर पोलीस पडताळणीचा स्वच्छ दाखला द्यायचा, एवढीच अट.

"वहिनी, पुरावा तोच, साक्षीदार तोच," वकील ज्योतीराम म्हणाले. "पण खटला वेगळा."

"म्हणजे पीठ तेच, तवा वेगळा?"

"अगदी. खटला रद्द करायचा अर्ज दिलाय आपण. त्यालाही तारीख पडलीय."

चहाच्या टपरीवर बुद्धरत्नला धनेश भेटला.

"धनेशभाऊ, तू त्या टोकाला नव्हतास, तर मी या टोकाला काय धरून उभा होतो?"

"भावा, माझं टोक सुटलं. तुझं तू बघ. चहा घे."

खटल्याची प्रगती समाधानकारक आहे. चार वर्षांत तारखा एकतीस, न्यायाधीश तीन, चिमाजी गैरहजर एकोणीस वेळा (चष्म्यासह), साच्याबद्दल विचारणा शून्य.

दाखला मात्र वेळेत आला. त्यावर 'प्रकरण प्रलंबित' असा सुवाच्य शेरा होता. कंपनीच्या अधिकारी स्वरूपा मॅडमना मनापासून वाईट वाटले. "आमचा तुमच्यावर संशय नाहीये हो. तुम्ही सुटलेले आरोपी असता, तर काहीच प्रश्न नव्हता."

जागा निर्दोष उमेदवाराला देण्यात आली. धनेशने अर्जासोबत निकालपत्राची प्रत जोडली होती.

त्या निकालपत्राच्या अकराव्या पानावर एक वाक्य आहे : वार्षिक मोजणीत सदर साचा कारखान्याच्याच भंगार शेडमध्ये ताडपत्रीखाली मिळून आला. बुद्धरत्नच्या खटल्यात हे वाक्य पुरावा नसल्याने ते तिथे अद्याप कोणी वाचलेले नाही.

आपणही, सुजाण वाचकहो, इथवर आलात. एका टोकाने साचा कसा उचलला असेल, यावर हसलात. साचा मुळात गेला होता का, हे विचारले नाहीत; 'आरोपी क्रमांक दोन' एवढे वाचून आपले समाधान झाले. आपली साक्ष नोंदवून घेतली आहे. चष्मा तेवढा कुठे होता, ते सांगा.