कागदी छत्रीचं आख्यान

उकंडाबुवा घाटंजीच्या कापूस खरेदी केंद्राच्या आवारात कीर्तनाला उभे राहिले, तेव्हा उजवीकडे तबल्यावर गॅरेजवाला अय्यूब मिस्त्री होता, डावीकडे पेटीवर धम्मरत्न होता, आणि दोघंही बुवांकडे पाठ करता येईल तितकी करून बसले होते.

कारण होतं या वर्षीची पत्रिका. पंधरा वर्षं तिघं एकत्र गावोगाव हिंडलेले, पण यंदा बुवांनी पत्रिका नव्यानं छापून घेतली. पाऊण पानभर स्वतःचा फोटो, त्याखाली वीतभर अक्षरांत नाव, त्याखाली मंडपवाल्याचं नाव, आणि अगदी तळाशी, मुंगीला वाचता येईल अशा अक्षरांत, ‘साथसंगत : तबला, पेटी’. माणसांची नावंच नव्हती. अय्यूब म्हणाला होता, “बुवा, मंडपवाल्याचं नाव हाय अन् माह्यं नाही. मी तबला होय काय?” धम्मरत्न शाळामास्तर. त्यानं पत्रिका लाल पेननं तपासून परत पाठवली होती. घाटंजीचं हे शेवटचं कीर्तन, इतकंच दोघांनी कळवलं होतं.

“साथीदार काय, छप्पन मिळतात,” बुवा घरी म्हणाले होते.

“मिळतीन नं,” त्यांची बायको पंचफुला भाकरी थापता थापता म्हणाली. “अधिक महिन्यात अय्यूबभाऊ आले नोयते, तं तुम्ही तीन अभंग एकाच तालात म्हनले. अन् तो ताल बी नोयता.”

बुवांनी हे ऐकलं नाही असं दाखवलं.

कीर्तन ठरवलं होतं लालीबाईनं. ती तांड्यावरून कापसाची गाडी घेऊन आली होती आणि रांगेत तिचा नंबर एकशे बारा होता. रांग चार दिवसांपासून जागची हललेली नव्हती. कापसाची प्रत ठरवणारा ग्रेडर आला की काटा बिघडायचा, काटा सुधरला की पोत्यांचा बारदाना संपायचा, आणि बारदाना आला की ग्रेडर जेवायला गेलेला असायचा. माणसं, बैल आणि कापूस सगळे सारखेच कंटाळले होते. लालीबाईनं बुवांना बोलावलं, पण एक अट घातली.

“जुनं आख्यान नोको, महाराज. तुमचे तिन्ही मले पाठ हायेत. मागच्या खेपी तुम्ही थांबले होते, तं पुढचं मीच सांगतलं.”

ते खरं होतं. म्हणून बुवांनी तीन रात्री खपून चौथं आख्यान लिहिलं. लिहिलं ते अर्थात पाठकोऱ्या कागदांवर, कारण कोरा कागद वापरणं बुवांना अन्न टाकल्यासारखं वाटे. त्यांची मुलगी वैष्णवी यवतमाळला कॉलेजात होती. वार्षिक अंकासाठी तिनं कसलासा लेख लिहून सायबर कॅफेतून छापून आणला होता. त्याची एक प्रत घरी पडलेली होती. त्यातली पाच पानं बुवांनी उचलली आणि पाठीमागे शाईच्या पेनानं सुरेख अक्षरात संतचरित्र उतरवलं. देवाचं काम बॉलपेननं करायचं नाही, हा त्यांचा नेम.

पूर्वरंग झकास झाला. निरूपण संपताना बुवांनी जाहीर केलं, “आज असं आख्यान लावतो की या जिल्ह्यात कोणाच्या कानावर पडलं नसेल.” आणि त्या भरात उपरणं झोकून एक गिरकी घेतली. गिरकी पूर्ण झाली, पण उपरण्याचं टोक तांब्याला लागलं आणि तांब्या शेजारच्या कागदांवर आडवा झाला.

बुवांनी कागद उचलले. संत निळा ओघळ होऊन धोतरावर उतरत होता. एक ओळ, एक शब्द शिल्लक नाही. समोर चारशे माणसं, त्यात पुढेच मांडी घालून लालीबाई. जुनं लावावं तर तिला पाठ, आणि थांबावं तर शेवटच्या कीर्तनाची शोभा. बुवांनी घाबरून कागद उलटे केले. मशीनच्या अक्षरांना पाण्याचं काही सोयरसुतक नव्हतं. ती ठणठणीत होती. पहिली ओळ होती : ‘पेपर अंब्रेला : एका ब्रिटिश इंडी रॉक बँडचा प्रवास’.

बुवांनी डोळे मिटले, पांडुरंगाची क्षमा मागितली आणि झांज वाजवली.

“तर श्रोतेहो, सातासमुद्रापार इंग्लंड देशी एक गिरणगाव होतं. तिथं चार पोरांनी मेळा काढला. नाव ठेवलं, कागदी छत्री.”

“कागदाची छत्री पावसात काय कामाची?” लालीबाईनं विचारलं.

“म्हणूनच तर पुढचं सगळं घडलं, बाई. ती पोरं सरावाला कुठं बसत? तर बंद पडलेल्या कापसाच्या गिरणीत.”

रांगेतली माणसं सावरून बसली.

“म्हन्जे तिथंबी गिरणी बंदच काय?” मागून कोणीतरी विचारलं.

“तिथं आधी बंद झाली,” बुवा म्हणाले, आणि श्रोत्यांना कोण जाणे कसलं समाधान वाटलं.

मग आख्यान रंगत गेलं. इंडी म्हणजे काय, हे वैष्णवीनं लिहिलं होतं आणि बुवांनी ते ओवीत बसवलं. मोठ्या कंपनीच्या दावणीला बांधून न घेता, तीन माणसांच्या छोट्या कंपनीकडून कॅसेट काढणारे. ढोल वाजवणारा टेरी दिवसा मोटारी दुरुस्त करायचा. हे ऐकून अय्यूबनं मान वर केली. गिटारवाला नील शाळेत शिकवायचा. पेटीचा भाता क्षणभर थांबला. तिसरा होता तो बासरी वाजवायचा, पण पहिल्याच पानावर त्याचं लग्न झालं आणि तो आख्यानातून गेला.

“अन् गाणारा?” लालीबाईनं विचारलं.

“गाणारा ऑलिव्हर,” बुवा वाचता वाचता म्हणाले. “आवाज बेताचा, पण केसांची झुलपं मोठी.” लोक हसले. पहिली कॅसेट गाजली, दुसरी त्याहून गाजली. चौघांची, म्हणजे आता तिघांची, जुनी गाडी गावोगाव फिरू लागली. बुवांनी चौथं पान उलटलं आणि पुढची ओळ वाचून टाकल्यावर त्यांच्या ध्यानात आली.

“तिसऱ्या कॅसेटच्या वेष्टनावर ऑलिव्हरनं... एकट्याचाच फोटो छापला.”

तबल्यावर अय्यूबनं एकच थाप दिली. फार मोठी नव्हती, पण सगळ्या आवारात ऐकू गेली.

“अन् बाकीच्याईचं नाव?” धम्मरत्ननं पेटीमागून विचारलं. महिन्याभरात तो बुवांशी पहिल्यांदाच बोलत होता.

बुवांनी पानात पाहिलं. “बारीक अक्षरात होतं,” ते म्हणाले आणि मग खोटं बोलवेना म्हणून, “नव्हतंच.”

“कसा मानूस होय तो,” लालीबाई म्हणाली. “हात नाही लागले त्याच्या थोबाडाले कोनाचे?”

पाय रेटत त्यांनी पुढं सांगितलं : तिसरी कॅसेट पडली, भर कार्यक्रमात टेरी उठून गेला, नीलनं गिटार खोळीत घातली, आणि ऑलिव्हर एकटाच गात राहिला, सूर एकीकडे, तो एकीकडे. श्रोते हळहळले. बुवांनी पाचवं पान उचललं. शेवटची ओळ होती : ‘दहा वर्षांनी ते पुन्हा एकत्र आले आणि त्यामागचं कारण’. इथं पान संपत होतं. आख्यान पाच पानांत मावलं म्हणून सहावं पान बुवांनी घरी ठेवलं होतं.

“कारन काय?” लालीबाई.

“कारण...” बुवांनी पाण्याचा घोट घ्यावा म्हणून तांब्याकडे पाहिलं. तो रिकामा होता.

“सांगा की, महाराज.”

कीर्तनकाराला सोंग आणावं लागतं. बुवांनी उपरणं गळ्यातून काढलं, ऑलिव्हरचं सोंग घेतलं आणि मोटारींच्या गॅरेजात गेल्यासारखे चार पावलं चालून अय्यूबपुढं बसले. “टेरी,” ते म्हणाले, “गाणं तुझ्या हातात होतं. मी नुसता त्याच्यावर तोंड उघडत होतो.” मग डावीकडे वळून, “नील मास्तर, माझा सूर तुम्ही झाकत होता, आणि मला वाटलं मीच गातो.” सोंग कुठं संपलं ते बुवांनाही कळलं नाही. त्यांनी कपाळ तबल्यावर टेकवलं.

“बुवा,” अय्यूब हळूच म्हणाला, “तबल्यावर डोस्कं नका टेकू. पुडी ढिली होते.”

पण त्यानं ठेका धरला, धम्मरत्ननं भैरवीचा सूर दिला, आणि चारशे माणसांनी असा गजर केला की ग्रेडर जेवण टाकून बाहेर आला. लालीबाईनं त्याला तिथंच धरलं, म्हणून त्या दिवशी संध्याकाळपर्यंत चाळीस गाड्या मोजल्या गेल्या.

घरी आल्यावर बुवांनी आधी सहावं पान शोधलं. त्यावर लिहिलं होतं : ‘त्यामागचं कारण म्हणजे त्यांना दुसरा गायक मिळाला. ऑलिव्हरशिवाय त्यांचा चौथा अल्बम सर्वांत उत्तम ठरला.’

बुवांनी त्या पानाची घडी करून ती पंचांगात दडवली. रविवारी वैष्णवी आली, तेव्हा त्यांनी सहज विचारल्यासारखं विचारलं, “तुझा तो लेख इकडं कोणी वाचला तं नसंल नं?”

“अंक छापून आला की, बाबा. महिना झाला. अय्यूबकाकाच्या गॅरेजवर एक मीच ठेवला होता. धम्मरत्नसरांनी तिथं बसून अख्खा वाचून दाखवला म्हने.”

बुवा तडक गॅरेजवर गेले. अय्यूब एका ट्रॅक्टरखाली होता, धम्मरत्न शेजारी स्टुलावर चहा पीत होता.

“तुम्हाले सहावं पान माहीत होतं?” बुवांनी विचारलं.

“हाव,” ट्रॅक्टरखालून आवाज आला.

“अन् मले तबल्यावर डोस्कं टेकू देल्लं?”

“तुम्ही रंगात होते, बुवा,” धम्मरत्न म्हणाला. “अन् लेख वाचूनच तं आम्ही परवा मारेगावले गेलतो. तिथं एक नवे महाराज हायेत, त्याईले आयकाले.”

बुवा ट्रॅक्टरच्या चाकाला टेकले. “कसे हायेत?”

“सूर पक्का,” धम्मरत्न म्हणाला.

“तालात बी पक्के,” अय्यूब बाहेर येत, हात पुसत म्हणाला. “दोन घंटे बसलो आम्ही. चांगला मानूस. मंग वापस आलो.”

“काहून?”

अय्यूबनं धम्मरत्नकडे पाहिलं. धम्मरत्ननं चहाचा शेवटचा घोट घेतला.

“त्याईले आमची गरजच नाही नं, बुवा,” अय्यूब म्हणाला. “तुमच्यासंगं कसं, काम लागते.”