शोकासाठी राखीव सोळा पानं

आमच्या त्रैमासिकाच्या निबंध विभागाचा नियम साधा आहे. शेवटच्या परिच्छेदात उजाडता कामा नये. निबंध कशावरही असो, त्याने तिन्हीसांजेला सुरू व्हावं आणि काळोखात संपावं. आलेला मजकूर दोन सदस्यांची समिती वाचते आणि आशेचा अंश आढळल्यास समासात लाल खूण करून परत पाठवते. गेल्या वर्षी एका निवृत्त शिक्षिकेने आपल्या मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेवर लिहिलं होतं. शेवटी तिला स्पष्ट दिसू लागलं. समितीने कळवलं, 'शैली उत्तम. शस्त्रक्रिया अयशस्वी करून पुन्हा पाठवावं.'

मी इथे एकेचाळीस वर्षं मुद्रितं तपासते आहे. पूर्वी निबंध लिहिणारी माणसं काडी मोडलेल्या छत्रीवर लिहीत, उसन्या दिलेल्या पेनावर लिहीत, शेजाऱ्याच्या खोकल्यावर लिहीत. छापखान्यात शिशाचे खिळे जुळवणारा मजकूर जुळवता जुळवता हसायचा आणि त्याच्या हातून अख्खी ओळ सांडायची. ती परत जुळवताना तो परत हसायचा. माझ्या धाकट्या भावाचा पहिला निबंध तेव्हाच छापून आला. एका समारंभातून एकच चप्पल घालून घरी येण्यावर होता तो. त्या दिवशी खिळेवाल्याने तीन वेळा ओळी सांडल्या.

आज तोच भाऊ नामवंत निराशावादी निबंधकार आहे. 'जन्म ही पहिली चूक', 'श्वासाची निरर्थकता', 'उद्या नावाची अफवा' ही त्याची गाजलेली पुस्तकं. त्याला जेवणानंतर दीड तास गाढ झोप लागते. दरवर्षी तो रक्त तपासून घेतो आणि अहवाल चांगला आला की दोन दिवस घरभर शीळ घालत फिरतो. चाहते भेटायला येणार असले की भावजय बाहेरच्या खोलीचे पडदे ओढून घेते आणि फुलदाणी आत नेऊन ठेवते.

अशात माझी भाची, म्हणजे भावाची एकुलती एक मुलगी, सातव्या महिन्यातच बाळंत झाली. मुलगी झाली. वजन नऊशे ऐंशी ग्रॅम. तिला लगेच काचेच्या पेटीत ठेवलं. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "पहिले दहा दिवस महत्त्वाचे. काही सांगता येत नाही."

आमच्याकडे रजेच्या अर्जात कारण लिहावं लागतं. मी खरं कारण लिहिलं, ही माझी चूक. अर्ज वाचून संपादक स्वतः माझ्या टेबलापाशी आले आणि त्यांनी चष्मा काढला.

"अक्का, फार वाईट झालं हो."

"झालं कुठे? बाळ आहे अजून."

"हो, हो. म्हणजे होईल तेव्हा." त्यांनी डोळे टिपले. "वार्षिक विशेषांकात भाऊंसाठी सोळा पानं राखून ठेवतो. काळी चौकट, जाड कागद. अंक बरोबर दहा दिवसांनी छपाईला जातोय. डॉक्टरांचं काय मत? तोवर...?"

"तोवर काय?"

"रागावू नका. पानांचा अंदाज यायला हवा ना."

भाऊ पहिल्या दिवशी खरोखर रडला. खुर्चीत बसून, नाक शिंकरून, लहानपणी रडायचा तसा. दुसऱ्या दिवशी तो लिहायला बसला.

"कशावर लिहितोयस?" मी विचारलं.

"नातीवर."

"नात जिवंत आहे रे."

"अक्का, ती तात्कालिक अवस्था आहे."

तो इस्पितळात मात्र जाईना. पाहिलं की माया उत्पन्न होते आणि मायेने वाक्य सैल पडतं, असं त्याचं म्हणणं. भावजय एकटीच डबा घेऊन जायची. जाताना दारात उभी राहून आत त्याला ऐकू जाईल अशा आवाजात मला म्हणायची, "वन्सं, यांना म्हणावं, बाळ विचारत नाहीये, पण लेक विचारतेय."

पहिले तीन दिवस बाळाचं वजन उतरलं. कार्यालयात कामाला वेग आला. चित्रकाराने मुखपृष्ठावर रिकामा पाळणा काढला. शोकसभेसाठी सभागृह ठरवलं. एका वक्त्याला त्याच संध्याकाळी परगावी जायचं होतं, त्याने सभा जरा अलीकडे घेता येईल का, अशी विचारणा केली. आमची उपसंपादिका रोज सकाळी इस्पितळात फोन लावून प्रकृतीची चौकशी करायची. तिथल्या सिस्टरना वाटायचं, किती जीव आहे या बाईचा बाळावर.

पाचव्या दिवशी वजन स्थिर झालं. सहाव्या दिवशी वीस ग्रॅमने वाढलं. सातव्या दिवशी पंचवीस. उपसंपादिकेने फोन ठेवला.

"असं किती दिवस चालणार?" ती म्हणाली.

आठव्या दिवशी तातडीची बैठक झाली. विषय क्रमांक एक: बाळाच्या प्रकृतीत झालेली अनपेक्षित सुधारणा आणि तिचे अंकावर होणारे परिणाम. दीड तास चर्चा होऊन ठराव एकमताने मंजूर झाला. 'ही सभा बाळाला दीर्घायुष्य चिंतून, निबंधापुरतं तिचं निधन ग्राह्य धरीत आहे.' भावाने फोनवरून मान्यता दिली. निबंधातलं सत्य वेगळ्या प्रतीचं असतं, एवढंच तो म्हणाला.

सोळा पानांची मुद्रितं माझ्याकडे आली. त्या दिवशी इस्पितळात थांबायची पाळी माझी होती. मी ती पिशवीत घालून गेले आणि बाळांच्या खोलीबाहेरच्या बाकावर तपासत बसले. निबंध सुरेख होता, हे कबूल करायला हवं. काचेपलीकडची मेणासारखी पांढरी बोटं, न उघडलेली मूठ, आजोबाचा कोरडा कंठ. इतक्यात भिंतीला धरत धरत भाची आली आणि शेजारी बसली.

"आत्या, काय वाचतेस?"

"ऑफिसचं काम गं. कंटाळवाणं असतं."

"बाबांचं आहे. त्यांची वाक्यं मला लांबूनही कळतात." तिने कागद घेतले. मला ते ओढून घ्यायला जमलं नाही. सोळाही पानं तिने वाचली. मी तिच्याकडे न बघता समोरच्या भिंतीवरचा, हात कसे धुवावेत याचा तक्ता चार वेळा वाचला. मग तिने माझ्या हातातली पेन्सिल घेतली, तिसऱ्या पानावर एका शब्दाभोवती गोल काढला आणि बापाला फोन लावला.

"बाबा, तुमच्या निबंधात चूक आहे. बोटं पांढरी नाहीयेत."

पलीकडून काहीतरी उत्तर आलं.

"प्रतीक असेल हो. पण चूक आहे. येऊन बघून जा."

लेकीच्या हाकेला जो आठ दिवस आला नव्हता, तो तपशिलातली चूक ऐकून पाऊण तासात आला. हातात वही होती. दारातच सिस्टरने अडवलं.

"आजोबा ना? हात कोपरापर्यंत धुवा. शर्ट काढा."

"मला फक्त बोटांचा रंग बघायचाय."

"सगळे असंच म्हणतात. वही बाहेर ठेवा. बसा इथे, मागे टेकून. अशा बाळांना अंगाची ऊब लागते. आई दमलीये, आता तुमची पाळी."

"अहो, पण मी..."

"बोलू नका. छाती हलते."

सिस्टरने तो मूठभर जीव उचलून त्याच्या उघड्या छातीवर ठेवला आणि वरून दुलई पांघरली. तासभर हलायचं नाही, असं बजावून ती निघून गेली. मी काचेबाहेरून बघत होते. त्याची ढेरी वर जायची तसं बाळ वर जायचं, खाली यायची तसं खाली यायचं.

हा स्वतः आठव्या महिन्यात जन्मलेला. तेव्हा कसल्या आल्या पेट्या? आईने कापसात गुंडाळून त्याला टेबलाच्या खणात ठेवलं होतं आणि शेजारी मला बसवलं होतं. मी आठ वर्षांची. दर थोड्या वेळाने त्याच्या नाकाखाली बोट धरायचं आणि वारा लागतोय का ते आईला ओरडून सांगायचं, एवढंच काम. तीन आठवडे शाळा बुडवून मी त्याच्या नाकाखाली बोट धरलं आणि त्याने मोठेपणी 'श्वासाची निरर्थकता' लिहिलं.

तासाभराने तो बाहेर आला. शर्टाची बटणं वरखाली लागली होती.

"अक्का," तो म्हणाला, "छातीचा केस धरून ओढला गं तिने. चांगलं दुखलं."

"बोटांचा रंग?"

"बघायचाच राहिला."

म्हणून दुसऱ्या दिवशी तो पुन्हा आला. तिसऱ्या दिवशीही आला, आणि तिथूनच संपादकांना फोन करून त्याने निबंध मागे घेतला.

संपादक हादरले. प्रश्न एका निबंधाचा नसून मूल्यांचा आहे, असं त्यांनी सगळ्यांना ऐकवलं. काळी चौकट छापून तयार होती, सभागृह ठरलेलं होतं. अखेर समितीनेच लेखणी हाती घेतली. सोळा पानं माझ्या भावावर निघाली. 'एका थोर निराशेचा अकाली अंत' हे शीर्षक. शोकसभा भरगच्च झाली. दिवंगत स्वतः तिसऱ्या रांगेत बसला होता. वक्ते गहिवरून बोलले, पण त्याच्याशी कोणी बोललं नाही.

मग वाचकांची पत्रं सुरू झाली. एकाने लिहिलं, 'तुमच्या पुस्तकांवर विसंबून मी ठरलेलं लग्न मोडलं आणि तुम्ही नातीला बाबागाडीतून फिरवता?' एका बाईंनी तिन्ही पुस्तकं परत पाठवली. पानापानावर अधोरेखन होतं आणि मधेमधे खाऊचे तेलकट डाग. दुसऱ्या एकाने नुसतं विचारलं, 'बाळाची प्रकृती पुन्हा बिघडण्याची कितपत शक्यता आहे?'

मुलगी आता अकरा महिन्यांची आहे. दात येतायत म्हणून चिडचिडी झालीय, हाताला लागेल ते चावते. गोष्ट इथे संपली. तिला यापुढेही काही होत नाही.

आणि तुम्ही कशाला त्या पत्रांना हसताय? काचेची पेटी आली तेव्हाच तुम्ही मनातल्या मनात त्या पोरीला पोचवून मोकळे झाला होतात. ती जगली हे वाचून बरं वाटलं असेलच, नाही कशाला म्हणू? पण त्या आधी क्षणभर 'एवढंच?' असं आलं ना मनात?